वीणाचं मिनिट

वीणाला डोळे मिटून ऐकायची सवय होती, आणि त्याच सवयीनं तिचा घात केला. तशी सवय काही वाईट नव्हती. माणूस देवापुढं डोळे मिटतो, गाणं ऐकताना मिटतो. ही कामात मिटायची. काम म्हणजे डॉक्युमेंटरी फिल्मचा आवाज रेकॉर्ड करायचा. हातात लांब दांडीचा माइक, कानावर हे एवढाले हेडफोन, खांद्याला रेकॉर्डरची थैली. रायपूरच्या तात्यापारा मोहल्ल्यातल्या बाया तिला लांबून पाहिलं की म्हणायच्या, "आली वो सरोजिनीची पोट्टी, जाळे काढाची काठी घेऊन." वीणाही हसायची. चाळिशीला टेकली तरी लग्नाचं नाव नाही, सरकारी नोकरी नाही, आणि धंदा असला की पडद्यावर तिचं तोंड कधी दिसायचं नाही. हसण्यावारी नेलं नसतं तर त्या पाऱ्यात राहणं मुश्कील झालं असतं.

आता हे मिनिट म्हणजे काय भानगड, ते आधी सांगायला हवं. कुठंही मुलाखत संपली की साउंडवाल्यानं त्या खोलीची शांतता रेकॉर्ड करून घ्यायची असते. रूम टोन म्हणतात त्याला. हसू नका, प्रत्येक खोलीची शांतता वेगळी असते. कुठं फ्रिज घुरघुरतो, कुठं रस्ता ऐकू येतो, कुठं पंख्याचं एक पातं कुरकुरतं. मागाहून माणसाची वाक्यं कापून जोडली की मधल्या फटीत तीच शांतता भरावी लागते, नाहीतर ऐकणाऱ्याला आवाजात भोक पडल्यासारखं वाटतं. म्हणून मुलाखत झाली की वीणा हात वर करायची आणि म्हणायची, "आता एक मिनिट कोणी हलू नका, बोलू नका. कॅमेरा बंद आहे, फक्त मी ऐकून राहिली." आणि डोळे मिटून घ्यायची.

लोकांना हे मिनिट फार आवडायचं. कॅमेऱ्यापुढं ताठ बसलेला माणूस त्या मिनिटात सैल व्हायचा. कोणी पाय पसरायचं, कोणी डोळे पुसायचं. वीणाला ते दिसत नसे, पण ऐकू येई. कपड्याची सळसळ, बांगडीचा आवाज, खोल घेतलेला श्वास. घरी आईला ती म्हणायची, "आई, माझ्या मिनिटात लोक खरे होतात." आई म्हणायची, "मग एक मिनिट लग्नाचाही विचार कर."

कॅमेरा रणजितचा आणि फिल्मही रणजितचीच. दोघं रायपूरचे, दोघांचे बाप रेल्वेत, दोघांची गावं विदर्भातली. तिथल्या पंडरी बाजारातल्या एका कापडवाल्याच्या पोरीच्या लग्नाचा व्हिडिओ काढताना ओळख झाली. हा नवरीच्या मामाच्या अंगावर चढून शॉट घेत होता आणि ही मागून त्याच्या वायरी सांभाळत पळत होती. लग्नं सोडून खऱ्या माणसांच्या फिल्मा करायच्या, हे खूळ दोघांच्या डोक्यात बरोबरच शिरलं. त्यापायी काय काय सोसलं ते विचारू नका, पण रणजितचं जेवण, त्यातही आईच्या हातचा गोळाभात, मात्र कायम वीणाच्या घरी. आई त्याला आपलं दुसरं लेकरू म्हणायची.

पहिल्याच फिल्मच्या वेळी अभनपूरकडच्या एका बाईनं कॅमेरा थांबला असं समजून सासूचं सगळं उणंदुणं काढलं होतं. रणजितनं ते शूट करून ठेवलं. वीणानं त्याच्या डोक्याशी उभं राहून ते पुसायला लावलं.

"बंद म्हणजे बंद," ती म्हणाली. "लोक माझ्या तोंडाकडं पाहून बसतात, रणजित."

रणजितनं कान पकडले. "तुझ्या आईच्या गोळाभाताची शपथ. बंद म्हणजे बंद."

झालं. त्यानंतर वीणानं हा विषय कधी काढला नाही. घरच्या माणसाला एकच गोष्ट दोनदा काय विचारायची!

रणजितचं नाव होत गेलं ते गप्प चेहऱ्यांमुळे. त्याच्या प्रत्येक फिल्ममध्ये एक तरी असा चेहरा असायचा, की एक शब्द न बोलता सगळं सांगून जाईल. कुठं अभनपूरचा म्हातारा कुंभार, कुठं पोराची चप्पल मांडीवर घेऊन बसलेली बाई. दिल्ली-मुंबईचे लोक विचारायचे, हे तुम्हाला मिळतं कसं? रणजित वर बोट दाखवायचा. वीणाला वाटायचं, मी माइक लावण्यात गुंतलेली असते तेव्हा हा टिपत असेल. कॅमेऱ्याचा लाल दिवा पाहून माणसं बुजतात म्हणून त्यावर काळी पट्टी चिकटवलेली असायची, त्यामुळं तो कधी चालू अन् कधी बंद, ते बाहेरून कळायचंच नाही. तिनं कधी विचारलंही नाही. तिला आपला त्याचा अभिमानच वाटायचा, वेडीला!

नवीन फिल्म होती रायपूरजवळच्या सिलतऱ्याच्या लोखंडाच्या प्लांटांमध्ये काम करता करता मेलेल्या माणसांच्या घरांबद्दल. त्यातलं एक घर वीणाच्या ओळखीचं निघालं. मारोतीकाका आधी तात्यापाऱ्यातच भाड्यानं राहायचे, मग प्लांटच्या जवळ म्हणून बिरगावला गेले. क्रेन चालवायचे. एक दिवस वर ग्रीस लावायला चढले आणि खाली आले ते गेलेलेच. प्लांटनं सांगितलं, त्यांनी सेफ्टी बेल्ट लावलाच नव्हता, चूक त्यांचीच. वर उपकार म्हणून त्यांच्या पोरीला, क्षमाला, प्लांटच्या काटाघरात ट्रक वजन करायच्या कामावर घेतलं. प्लांटचे शिशिर साहेब स्वतः घरी येऊन कुसुमकाकूला सांगून गेले, "भाभीजी, बात यहीं खतम. बाहर बात गई, तो बिटिया का काम भी गया." त्या दिवसापासून कुसुमकाकूनं तोंडाला कुलूप लावलं. पेपरवाले आले, युनियनवाले आले, तिनं दारातूनच परतवले.

वीणा गेली तेव्हा मात्र दार उघडलं.

"काकू, प्लांटचं काही बोलू नका," वीणानं सांगितलं. "फक्त काका कसे होते ते सांगा. काय खायचे, कशाची चीड होती."

काकूनं सुपारी कातरता कातरता विचार केला. "माह्या पोरीच्या नोकरीले काही होईल का?"

"काही नाही होणार. मी आहे न."

"तू राहशील त्या वेळी?"

"मी राहीन."

"मंग या. पण तुह्या भरोशावर हाव बरं मी. त्या कॅमेरेवाल्याले मी नाही ओळखत."

बिरगावचं घर दोन खोल्यांचं. सकाळी पुसलेली फरशी दुपारपर्यंत प्लांटच्या काजळीनं काळी व्हायची. समोर काचेचं शोकेस, त्यात काकांचा फोटो. वीणानं काकूच्या पदराला आतून छोटा माइक लावला, अगदी आपल्या आईच्या पदराला पिन लावावी तसा. रणजितनं काकूला शोकेसपुढं बसवून कॅमेरा मांडला.

काकू छान बोलली. काका भाजीत वांगं दिसलं की ताट सरकवायचे, पोरीला सायकल शिकवताना स्वतःच नालीत पडले, हे सांगताना हसली सुद्धा. मग रणजितनं हळूच विचारलं, "काकू, त्या दिवशी काय झालं?"

वीणानं त्याच्याकडं डोळे वटारून पाहिलं. काकू पाठ केल्यासारखं म्हणाली, "त्याईनं बेल्ट लावला नव्हता. त्याईचीच चूक होती. प्लांटवाले चांगले हाय."

"बस," वीणा म्हणाली. "झालं, काकू. आता एक मिनिट कोणी हलायचं नाही. कॅमेरा बंद आहे, फक्त मी ऐकून राहिली."

तिनं डोळे मिटले. कानात प्लांटची लांबची घरघर आली, पंखा आला, बाहेर कोणाचा तरी नळ. आणि मग एक बारीकसा आवाज. टक. थोडं थांबून पुन्हा टक. अडकित्ता, वीणाला वाटलं. काकूची सुपारी सुटणार नाही! मिनिट वाया गेलं.

"काकू, तो अडकित्ता ठेवा न थोडा वेळ."

"ठेवला वो," काकू म्हणाली. वीणानं डोळे उघडले तेव्हा तिचे हात पदराखाली होते. दुसरं मिनिट छान मिळालं.

त्यानंतरचं काम रणजितनं एकट्यानंच उरकलं. नेहमी शेवटचा आवाज बसवायला वीणा त्याच्या शेजारी असायची, या वेळी तो म्हणाला, "परदेशातल्या फेस्टिवलले पाठवायची आहे, मुंबईच्या स्टुडिओतच करावं लागते." वीणाला थोडं लागलं. पण तिनं मनावर घेतलं नाही. फिल्म पहिल्यांदा रायपुरातच दाखवायची ठरली, तेव्हा ती स्वतः ऑटो घेऊन बिरगावला गेली आणि कुसुमकाकूला अन् क्षमाला घेऊन आली. काकूनं ठेवणीतलं लुगडं नेसलं होतं. क्षमा प्लांटमधून सरळ आली होती, तिच्या गळ्यात अजून गेटपास लटकत होता.

हॉलमध्ये पुढच्या रांगेत शिशिर साहेब बसलेले दिसले आणि क्षमा दचकली.

"दीदी, ये यहाँ कैसे?"

"रणजितनं बोलावलं असेल," वीणा म्हणाली. "बरंच आहे. पाहून घेईल, की काकू काही वावगं बोलली नाही."

हे शब्द तिचेच. पुढं कितीक दिवस हे शब्द तिच्या कानात वाजत राहिले.

दिवे गेले. फिल्म चांगली होती, खोटं कशाला बोला. काकूचं वांग्याचं आलं तेव्हा हॉल हसला आणि काकूनं लाजून वीणाला कोपरखळी मारली. मग पडद्यावरची काकू म्हणाली, त्याईनं बेल्ट लावला नव्हता, त्याईचीच चूक होती. वीणाला वाटलं, इथं कापून दुसरं घर येईल. आलं नाही. काकू तशीच बसलेली राहिली. कॅमेरा हललाही नाही. काकूनं हळूच पानाचा डबा जवळ ओढला, तळाशी हात घातला आणि फडक्यातून एक लोखंडी हूक काढला. सेफ्टी बेल्टचा हूक. त्याला बेल्टचा तुटका तुकडा अजून अडकलेला होता. काकूनं अंगठ्यानं हुकाचं तोंड मिटवणारी पट्टी दाबून लावली. टक. बोट काढलं तर पट्टी आपोआप उघडली. पुन्हा लावली. टक. पुन्हा उघडली. लागतच नव्हती ती.

म्हणजे काकांनी बेल्ट लावला होता. हूक सडका होता. हॉलमधल्या प्रत्येकाला ते कळलं.

तो आवाज वीणानं ऐकला होता. त्या शॉटखाली चाललेली घरघर, पंखा, नळ, सगळं तिनं धरलेलं होतं. आणि मग तिला ते दिसलं. काकूच्या मागच्या शोकेसच्या काचेत एक बाई उभी होती, कानावर हेडफोन, डोळे मिटलेले, तोंडावर समाधान. लग्नात फोटो काढून घ्यावा तशी. पडद्यावर ती आजवर कधी आली नव्हती, आणि आली तीही अशी.

अभनपूरचा तो म्हातारा कुंभार, पोराची चप्पल मांडीवर घेऊन बसलेली ती बाई, रणजितचे सगळे गप्प चेहरे तिच्या डोळ्यांपुढून गेले. सगळे तिच्याच मिनिटातले. कुंपणानं शेत खाल्लं म्हणतात, पण इथं कुंपणाला पत्ताच नव्हता की आपल्याला रानात नेऊन उभं केलेलं आहे आणि मागून पीक कापणं चाललंय.

शेजारून काकूचा आवाज आला. ती ओरडली नाही, रागावलीही नाही. लहान पोरानं विचारावं तसं विचारलं.

"तू त बंद हाय म्हणली होती न वो, वीणा?"

फिल्म संपली तशा टाळ्या खूप वाजल्या. एका कॉलेजच्या पोरीनं उभं राहून विचारलं, "सर, वो हुक वाला शॉट आपने कैसे लिया?" रणजितनं माइक हातात घेतला, क्षणभर खाली पाहिलं आणि म्हणाला, "भरोसा. बरसों का भरोसा." पुन्हा टाळ्या. तोवर शिशिर साहेब उठून क्षमाजवळ आले होते. मोठ्या अदबीनं त्यांनी हात पुढं केला. क्षमानं एकदा आईकडं पाहिलं आणि गळ्यातला गेटपास काढून त्यांच्या हातावर ठेवला.

वीणानं रणजितला बाहेर गाड्यांपाशी गाठलं. लोक त्याला हार घालून नुकतेच गेले होते.

"कॅमेरा बंद होता, रणजित."

"तू म्हणाली बंद होता. मी कधी म्हणालो?"

तिला वाटलं आपण नीट ऐकलं नाही. "काय?"

"आठवून पाह. इतक्या वर्षांत मी लोकांसमोर एकदा तरी तोंडानं बोललो का, की बंद आहे? दर वेळी तूच बोलायची. मी कोणाले खोटं बोललो नाही."

"म्हणजे खोटी मी?"

"तू खोटी नाही न! तुले माहीतच नव्हतं, म्हणून त लोकांले पटायचं. माहीत असतं त तुझा आवाज हलला असता." हे तो समजूत घातल्यासारखं बोलत होता, तिच्या खांद्यावर हात ठेवून. वीणानं तो हात झटकला.

"आईच्या गोळाभाताची शपथ घेतली होती रे तू. आई तुले लेकरू म्हणते."

रणजित जरा चपापला. मग गळ्यातला हार काढून त्यानं गाडीच्या टपावर टाकला. "मारोतीकाका सडक्या हुकानं मेले. जगाले कळू नये का हे? ती बाई स्वतःच्या नवऱ्याले दोषी म्हणून राहिली होती, वीणा. मी त्या माणसाची अब्रू वाचवली."

"आणि पोरीची भाकर घेतली. ते काकूनं ठरवायचं होतं, कोणाले वाचवायचं ते. अन् शिशिर साहेबाले काहून बोलावलं? तोंड पाहाले न त्याचं? तेही शूट केलं असशील!"

रणजित टपावरचा हार सारखा करू लागला. केलंच होतं. हॉलच्या कोपऱ्यात लावलेला दुसरा कॅमेरा वीणाला आता आठवला.

"तो शॉट काढ."

"फिल्म गेली फेस्टिवलले."

"मग माझं नाव काढ."

"नाव काढतो," रणजित म्हणाला. "पण खालची शांतता तुझीच आहे. ती कशी काढू?"

केसानं गळा कापणं काय असतं, ते त्या दिवशी वीणाला कळलं. आपल्याच केसानं कापलं की जास्त दुखतं. ती घरी आली आणि आईनं विचारलं, "रणजित नाही आला जेवाले?" तेव्हा तिला पहिल्यांदा रडू आलं, आणि मग आवरेना.

पुढं वीणानं करायचं ते सगळं केलं. फेस्टिवलवाल्यांना लिहिलं, युनियनवाल्यांना भेटली, शिशिर साहेबांच्या दारात जाऊन बसली. फेस्टिवलवाल्यांनी उलट तिच्या साउंडचं कौतुक कळवलं. युनियनवाले म्हणाले, ताई, हूक घेऊन या, केस मजबूत आहे. हूक कोणाचा, आणि मागायला जायचं कोणत्या तोंडानं? शिशिर साहेबांनी चहा पाजला आणि सांगितलं, काटाघरात आता मशीन बसणार आहे, माणूस लागणार नाही.

शेवटी एका सकाळी ती बिरगावला गेली. रेकॉर्डर घरीच ठेवला होता, सोबत फक्त पर्स. दारात क्षमा कपडे वाळत घालत होती. घातलेल्या पांढऱ्या चादरीवर काजळीचे ठिपके पडायला सुरुवात झाली होती.

"दीदी, पर्स बाहर रख दीजिए," क्षमा म्हणाली. "मोबाइल भी."

वीणानं दोन्ही ओट्यावर ठेवलं. आत काकू खाटेवर बसली होती, पुढ्यात पानाचा डबा. डबा बंद होता.

"काकू, मले माहीत नव्हतं," वीणा म्हणाली. "आईची शपथ, मले खरंच माहीत नव्हतं."

"हव," काकू म्हणाली. "माहीत हाय मले. तुहे डोळे बंद होते." मग डब्यावर हात ठेवून म्हणाली, "त्याईच्या अंगावरच आला होता तो हूक. मी रोज काढत होती. क्षमा कामावर गेली की काढाचा, लावून पाहाचा, ठेवून द्याचा. कोणासमोर नाही काढला कधी. त्या दिवशी तू होती, अन् तो कॅमेरेवाला पाठ करून उभा होता, म्हणून काढला. वाटलं, घरचीच पोरगी हाय, अन् बंद हाय म्हणून राहिली."

वीणाला वाटलं, काकूच्या पायांवर डोकं ठेवावं. ती पुढं झाली. काकूही उठली, जवळ आली, आणि वीणाला वाटलं आता ही आपल्याला पोटाशी धरणार. काकूनं हात पुढं केला आणि तिची ओढणी चाचपली. आधी खांद्यापाशी, मग गळ्यापाशी, मग ओढणीची कड उलटून आत, जिथं वीणानं त्या दिवशी काकूच्या पदराला माइक लावला होता, अगदी तिथं. सावकाश, नीट, काही सुटू नये असं. काही सापडलं नाही.

"आता सांग," काकू म्हणाली. "काय म्हणत होती तू?"